वसाहत कशी वसते आणि कशी टिकते?
(उज्जैनच्या माधवनगरावरून एक अभ्यास)

संस्थेच्या महोत्सवी स्मरणिकेत कार्यवृत्त, देणगीदारांची नामावली आणि दिवंगतांचे स्मरण असते, आणि ते असावयासच हवे. परंतु संस्था ज्या गावात वाढली त्या गावाचा विचारही तिच्या सभासदांनी अशा प्रसंगी करावा, असे आम्हांस वाटते. आपल्यापैकी कितीतरी कुटुंबे माधवनगरात, म्हणजे सारे गाव ज्याला फ्रीगंज म्हणते त्या भागात राहतात. काही अजून जुन्या शहरातील वाड्यांत आहेत, तर काहींनी नव्या कॉलन्यांत घरे बांधली आहेत. मुले नोकरीनिमित्त पुण्यास, बंगळूरास किंवा परदेशी गेली. घरात वृद्ध माणसे उरली. आणि जुने घर राखावे की पाडावे, पाडल्यास त्या जागी काय उभे करावे, हा प्रश्न घरोघर निघू लागला आहे. निर्णय ज्याचा त्याने घ्यावयाचा हे खरे. तथापि ह्या सर्व निर्णयांची बेरीज म्हणजेच उद्याचे गाव. यास्तव वसाहतीचे शास्त्र थोडे समजून घ्यावे, एवढाच ह्या लेखाचा हेतू आहे.

जुने गाव कसे वसले

उज्जयिनी अनेकदा वसली. गढकालिकेच्या परिसरात पुरातत्त्व खात्याने १९५५ ते १९५८ ह्या काळात जे उत्खनन केले, त्यात मातीचा प्रचंड तट आढळला. पश्चिमेकडे क्षिप्रा आणि अन्य बाजूंस खंदक अशी त्या नगराची रचना होती. अडीच हजार वर्षांपूर्वीच्या त्या लोकांना नगररचना हा शब्द ठाऊक नसेल. पण नगर कोठे संपते आणि पाणी कोठून जाते, हे आधी ठरवावे लागते, एवढे त्यांना पक्के ठाऊक होते.

आजचे जुने शहर त्या टेकाडाच्या दक्षिणेस आहे. अठराव्या शतकात शिंद्यांचे ठाणे येथे झाले. राणोजी शिंद्यांचे दिवाण रामचंद्रबाबा सुखटणकर यांनी महाकालाचे मंदिर पुन्हा उभारले. सवाई जयसिंगाची वेधशाळा आणि त्याच्या नावाचे जयसिंगपुरा त्याच शतकातले. दौलतराव शिंद्यांनी १८१० साली राजधानी ग्वाल्हेरजवळ लष्करास नेल्यावरही उज्जैनचे महत्त्व सरले नाही. बायजाबाई शिंद्यांनी बांधविलेले गोपाळ मंदिर त्याची साक्ष देते.

ह्या शहरातील गल्ल्या वाकड्या आहेत म्हणून त्या अविचाराने झाल्या असे कोणी समजू नये. अरुंद गल्लीत उन्हाळ्याच्या दुपारीही सावली असते, वाड्याचा चौक घरातील माणसांना उजेड व वारा देतो, आणि ओसरीवर बसलेल्या आजीची नजर साऱ्या आळीवर असते. गावाच्या आत-बाहेर जी तळी होती त्यांना आपण सप्तसागर म्हणतो: रुद्रसागर, पुष्करसागर, क्षीरसागर, गोवर्धनसागर, रत्नाकरसागर, विष्णुसागर आणि पुरुषोत्तमसागर. अधिक मासात त्यांची यात्रा करण्याची चाल आहे. धर्माच्या आधाराने पावसाच्या पाण्याच्या सात जागा मोकळ्या ठेवण्याची ही व्यवस्थाच होती, असे आम्ही समजतो. पुढे त्यांपैकी काहींचे काठ बांधकामांनी गिळले आणि हा वाद राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणापर्यंत गेला. ज्या जागेला मालक नाही ती जागा सर्वांची, हा भाव गेला की ती कोणाचीच राहत नाही.

रुळांपलीकडची नवी वस्ती

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस आगगाडी आली, कापडाच्या गिरण्या निघाल्या आणि जुने शहर अपुरे पडू लागले. माधवराव महाराज शिंदे (१८७६–१९२५) यांच्या कारकिर्दीत स्टेशनाच्या पलीकडे, आग्नेय दिशेस, नवी वस्ती आखली गेली. तिला महाराजांचे नाव मिळाले. पण लोकांच्या तोंडी इंग्रजी ‘फ्री’ आणि फारसी ‘गंज’ यांची जोड असलेले फ्रीगंज हेच नाव बसले. त्याच महाराजांच्या काळी, १९२३ साली, वेधशाळेचाही जीर्णोद्धार झाला आणि गोविंद सदाशिव आपटे तेथील पहिले अधीक्षक झाले.

ह्या वस्तीची आखणी जुन्या शहराच्या अगदी उलट आहे. सरळ रुंद रस्ते, काटकोनात मिळणारे चौक, मध्यभागी घड्याळाचा मनोरा, जवळच बाग, मोठ्या रस्त्यांवर दुकाने आणि आत राहती घरे. आज रस्त्यांना जी सावली आणि सायंकाळी फिरावयास जी जागा मिळते, ती त्या वेळच्या आखणीने दिलेली आहे. नफ्याच्या हिशोबाने पाहिले असते तर एवढे रुंद रस्ते सोडण्याचे कारण नव्हते. आणखी दोन-चार ओळी भूखंड सहज निघाले असते. ते काढले नाहीत, म्हणूनच शंभर वर्षांनंतरही ही वस्ती श्वास घेते.

दोषही सांगितला पाहिजे. नवी वस्ती आणि जुने शहर यांच्यामध्ये रूळ आले. चामुंडा माता चौकाकडून येणाऱ्या पुलावर किती भार पडतो, हे सणासुदीच्या दिवशी कोणासही दिसते. वस्ती कितीही सुरेख आखली, तरी ती मूळ गावाशी कशी जोडली जाणार याचा विचार आखणीतच व्हावा लागतो. मागाहून तो फार महाग पडतो.

गेडिस यांची शिकवण

फ्रीगंजसारख्या सरळ रेषांच्या आखणीचे त्या काळी सर्वत्र कौतुक होते. अशा वेळी उज्जैनपासून अवघ्या पंचावन्न किलोमीटरवर, इंदुरास, एक निराळा विचार मांडला गेला. पॅट्रिक गेडिस (१८५४–१९३२) हे मूळचे वनस्पतिशास्त्रज्ञ. नगररचनेचे प्रदर्शन घेऊन ते १९१४ साली हिंदुस्थानात आले. त्यांचे साहित्य आणणारे जहाज एम्डेन ह्या जर्मन युद्धनौकेने बुडविले, तरी नवे साहित्य जमवून त्यांनी काम चालविले. पुढे ते मुंबई विद्यापीठात समाजशास्त्राचे पहिले प्राध्यापक झाले, डॉ. गो. स. घुर्ये हे त्यांचेच विद्यार्थी. इंदूर दरबारासाठी त्यांनी लिहिलेला नगररचनेचा अहवाल १९१८ साली प्रसिद्ध झाला.

गेडिस यांचे म्हणणे साधे होते. वैद्य नाडी पाहिल्याशिवाय औषध देत नाही, तद्वत गाव पायी फिरून पाहिल्याशिवाय नकाशावर रेघ ओढू नये. जुन्या मोहल्ल्यातून रुंद रस्ता आरपार काढला की घरे जातात, शेजार जातो, आणि गरिबाला दुसरीकडे अधिक दाटीत राहावे लागते. त्यापेक्षा पडकी घरे तेवढी काढावी, त्या जागी लहान चौक करावा, झाड लावावे, विहीर साफ करावी. डासांच्या भयाने तळी बुजविण्याचा सल्ला त्या काळी सर्रास दिला जाई. गेडिस म्हणत, तळे स्वच्छ राखा, त्यात मासे सोडा, तेच डासांचा बंदोबस्त करतील.

इंदुरास त्यांनी दिवाळीत काढलेली मिरवणूक प्रसिद्ध आहे. प्लेगचे दिवस होते. मिरवणूक नेहमीच्या मार्गाने न जाता ज्या भागातील लोक आपली घरे व गल्ल्या सर्वांत स्वच्छ करतील त्या भागातून जाईल, असे त्यांनी जाहीर करविले. लोकांनी चढाओढीने घरे झाडली, रंगविली, आणि गाड्याच्या गाड्या कचरा बाहेर निघाला. दंडाने जे झाले नसते ते मानाने झाले.

मुंबईचा अनुभव

आपल्या नातलगांमुळे दादरची हिंदू कॉलनी अनेकांच्या परिचयाची आहे. १८९६ च्या प्लेगनंतर १८९८ साली मुंबईत इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला आणि त्याने दादर–माटुंग्याची वसाहत आखली. आधी रस्ते, गटारे व बागा आणि मग घरे, हा क्रम तेथे पाळला गेला. इमारतींची उंची व त्यांमधील अंतर यांवर बंधने होती. पाच बागांचा तो परिसर आजही मुंबईकर अभिमानाने दाखवितो. मात्र ट्रस्टने शहरातील दाट वस्त्या जेवढ्या पाडल्या, त्या मानाने तेथील गरिबांना घरे मिळाली नाहीत, हा आक्षेप तेव्हापासून आहे.

१९१५ च्या मुंबई नगररचना कायद्याने दुसरी वाट दाखविली. सर्वांच्या जमिनी कागदावर एकत्र करावयाच्या, रस्ते व बागा यांसाठी प्रत्येकाकडून प्रमाणात जागा घ्यावयाची आणि उरलेली नीट आखून मूळ मालकांस परत द्यावयाची. ह्यात कोणी एकटा भूमिहीन होत नाही. पण अशी योजना मालकांच्या विश्वासावाचून चालत नाही. २०२८ च्या सिंहस्थासाठी उज्जैनच्या मेळाक्षेत्रात जमिनी एकत्र करण्याची योजना पुढे आली, शेतकऱ्यांनी विरोध केला, आणि २०२५ च्या अखेरीस ती मागे घेण्याचे सरकारला जाहीर करावे लागले. योजनेच्या गुणदोषांविषयी मतभेद असू शकतील. आधी विचारावे आणि मग आखावे, ह्याविषयी नसावेत.

प्रत्येक घराचे तीन हिशोब

आता आपल्या घराकडे वळू. समजा, आपला भूखंड दोन हजार चौरस फुटांचा आहे.

पहिला हिशोब माणसांचा. त्यावर एक कुटुंब राहत होते; सहा माणसे धरू. तेथे आठ सदनिकांची इमारत झाली तर बत्तीस-पस्तीस माणसे येतील. रस्ता तोच, नळाची वाहिनी तीच, गटारही तेच. एकाने असे केले तर गल्लीला कळतही नाही. वीस जणांनी केले तर पाणी वरच्या मजल्यावर चढत नाही आणि मोटारी रस्त्यात उभ्या राहतात. म्हणून भूखंडाच्या किती पट बांधकाम करावयाचे याला नियमाने मर्यादा घातलेली असते. ती मर्यादा आपल्या शेजाऱ्याचे संरक्षण आहे, आणि त्याची मर्यादा आपले.

दुसरा हिशोब उजेडाचा. घराच्या चारही बाजूंस जी जागा सोडावी लागते, तिला सामासिक अंतर म्हणतात. तेथे पत्रे टाकून खोली काढली की आपल्याला दहा फूट मिळतात आणि शेजारच्या स्वयंपाकघरात दिवसा दिवा लावावा लागतो. आग लागली तर बंबाला वाट राहत नाही, ही गोष्ट निराळीच.

तिसरा हिशोब पाण्याचा. उज्जैनला वर्षाकाठी सरासरी नऊशे मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. ह्या मानाने दोन हजार चौरस फुटांवर वर्षात सुमारे एक लाख सदुसष्ट हजार लिटर पाणी पडते. परसात माती, झाड व विहीर होती तेव्हा त्यातील पुष्कळ जिरे. सगळीकडे फरशी केली की तेच पाणी रस्त्यावर येते आणि आपण नगरनिगमास दोष देतो. माळव्याची काळी माती पाणी सावकाश जिरविते. तिला मोकळी जागा अधिक लागते. छपराचे पाणी गाळून जुन्या विहिरीत किंवा शोषखड्ड्यात सोडणे फार खर्चाचे नाही, आणि जुनी विहीर बुजविण्यासारखा अविचार दुसरा नाही.

कायदा आणि आपण

मध्य प्रदेशात १९७३ चा नगर तथा ग्राम निवेश अधिनियम आहे. त्याप्रमाणे विकास योजनेचा मसुदा प्रसिद्ध झाल्यावर नागरिकांना हरकती व सूचना देण्यास ३० दिवसांची मुदत असते. उज्जैनची २०३५ पर्यंतची विकास योजना २०२३ मध्ये मंजूर झाली आहे. अशा योजनेत आपली गल्ली कोणत्या उपयोगासाठी दाखविली आहे, जवळचे मैदान मैदान म्हणूनच राहिले आहे की नाही, हे घर किंवा भूखंड घेण्यापूर्वी पाहावे. रजिस्ट्री झाली म्हणजे सारे झाले असे नाही. कॉलनी मान्यताप्राप्त आहे काय, बागेची जागा कोणाच्या नावे आहे, सांडपाणी कोठे जाते, हे तीन प्रश्न आधी विचारावे. बागेसाठी सोडलेली जागा पुढे भूखंड म्हणून विकली गेली, असे अनेक गावी घडते. आणि बहुधा ते पहिल्या दिवशी कोणी विचारले नाही म्हणूनच घडते.

आपल्या संस्थेने ह्या कामी थोडे साह्य करावे असे आम्ही सुचवितो. विकास योजनेचा नकाशा कार्यालयात लावावा. वर्षातून एकदा एखाद्या अनुभवी अभियंत्यास व वकिलास बोलावून सभासदांच्या शंका ऐकाव्या. ज्या वृद्ध सभासदांकडे घराच्या पुनर्बांधणीचे करारनामे सहीसाठी येतात, त्यांनी ते एकट्याने न वाचता चार जाणत्यांसमवेत वाचावे, अशी सोय असावी. वाडा पाडावाच लागला तर त्याचे मोजमाप व छायाचित्रे संस्थेने जपून ठेवावी. गल्लीत झाड लावणे आणि सप्तसागरांच्या सफाईस हातभार लावणे ही कामे तर तरुण मंडळी आनंदाने करतील.

माधवनगर ज्यांनी आखले त्यांनी आपल्यासाठी रुंद रस्ते आणि एक बाग मागे ठेवली. ज्यांनी सप्तसागर खोदले त्यांची नावेही आपणांस ठाऊक नाहीत. नकाशा एकदाच आखला जातो. पण तो पिढ्यान् पिढ्या पाळावा लागतो, आणि ते काम राजाचे किंवा सरकारचे एकट्याचे नव्हे. संस्थेच्या पुढील महोत्सवास जी मुले आज आपल्या अंगणात खेळत आहेत ती यजमान असतील. त्या वेळी त्यांच्या मुलांना खेळावयास अंगण असावे, एवढा संकल्प ह्या शुभप्रसंगी आपण सर्वांनी करावा.