यंत्राच्या आत नेणारी पुस्तके

(संगणक कसा वापरावा, हे सांगणारी पुस्तके पुष्कळ आहेत. पण संगणक आतून कसा चालतो, हे ओळीओळीने उलगडून दाखवणारी पुस्तके थोडी. अशाच दोन पुस्तकांची, ती लिहिणाऱ्या दोन शिक्षकांची आणि एका जिज्ञासू विद्यार्थ्याची कथा या पाठात सांगितली आहे.)

विद्यार्थी मित्रांनो, आपण संगणकाचे बटण दाबतो. पडद्यावर अक्षरे उमटतात, चित्रे दिसतात, मोठमोठी गणिते क्षणात सुटतात. हे सारे घडवतो कोण?

संगणकाच्या पेटीत प्रोसेसर नावाचा एक छोटासा तुकडा असतो. सगळी कामे तोच करतो. पण त्याला मराठी येत नाही, उर्दू येत नाही आणि इंग्रजीही येत नाही. त्याला फक्त ० आणि १ या दोन अंकांनी लिहिलेल्या आज्ञा समजतात. या आज्ञांना यंत्रभाषा म्हणतात. असे आकडे लक्षात ठेवणे माणसाला फार अवघड जाते. म्हणून प्रत्येक आज्ञेला एक छोटे नाव देण्यात आले. ती असेंब्ली भाषा. पुढे त्याहूनही सोप्या भाषा तयार झाल्या. 'सी' ही त्यांपैकीच एक.

एका संगणकावर एकाच वेळी अनेक कामे चालतात. शाळेचे मुख्याध्यापक वेळापत्रक आखतात. कोणत्या तासाला कोणी शिकवायचे, प्रयोगशाळा कोणत्या वर्गाला द्यायची, हे ते ठरवतात. तसेच काम संगणकात एक मुख्य आज्ञावली करते. तिला ऑपरेटिंग सिस्टिम म्हणतात. ती नसेल, तर संगणक म्हणजे नुसती लोखंडी पेटी!

१९६९ साली अमेरिकेतील बेल प्रयोगशाळेत केन थॉम्प्सन आणि डेनिस रिची या शास्त्रज्ञांनी 'युनिक्स' नावाची ऑपरेटिंग सिस्टिम तयार करण्यास सुरुवात केली. १९७३ साली ती सी भाषेत पुन्हा लिहिण्यात आली. विद्यापीठांना ती थोड्याशा शुल्कात मिळे. विशेष म्हणजे तिच्या मूळ ओळीही सोबत मिळत. त्यामुळे ती कशी लिहिली आहे, हे कोणालाही वाचता येई.

ऑस्ट्रेलियातील सिडनी शहरात न्यू साऊथ वेल्स विद्यापीठ आहे. तेथे जॉन लायन्स नावाचे प्राध्यापक होते. विद्यार्थ्यांना ऑपरेटिंग सिस्टिमची केवळ माहिती देऊन त्यांचे समाधान होईना. पोहण्यावरचे व्याख्यान ऐकून कोणाला पोहता येते का? त्यांनी युनिक्सच्या मुख्य भागाच्या सुमारे नऊ हजार ओळी छापून घेतल्या. प्रत्येक ओळीला क्रमांक दिला. हा झाला पहिला भाग. दुसऱ्या भागात त्यांनी त्या ओळींवर भाष्य लिहिले. गालिबच्या दिवाणाची जशी शरह असते, तशीच ही एका ऑपरेटिंग सिस्टिमची शरह होती! हे काम त्यांनी १९७६-७७ या काळात केले.

त्या ओळींत एक जागा फार अवघड होती. प्रोसेसर एक काम अर्ध्यावर ठेवून दुसरे काम हाती कसे घेतो, हे तेथे लिहिले होते. समजा, शाळेत फळा एकच आहे. गणिताच्या सरांचे उदाहरण अर्धे सोडवून झाले आणि तास संपला. आता उर्दूच्या बाईंना फळा हवा आहे. फळा पुसण्यापूर्वी अर्धे उदाहरण वहीत उतरवून ठेवले पाहिजे. मग बाईंचा कालचा अर्धा राहिलेला मजकूर त्यांच्या वहीतून फळ्यावर उतरवला पाहिजे. तरच दोघांचेही काम पुढे चालू राहील. संगणकात ही उलथापालथ एका सेकंदात अनेक वेळा होते. युनिक्सच्या लेखकांनी त्या ठिकाणी एक टीप लिहून ठेवली होती. हे वाचकाला समजलेच पाहिजे अशी अपेक्षा नाही, असा तिचा अर्थ होता. पुष्कळांना ती टीप गर्विष्ठपणाची वाटली. पण पुढे रिची यांनी खुलासा केला, की हा भाग परीक्षेत विचारणार नाही, एवढेच त्यांना सुचवायचे होते. शिवाय तेथे नेमके काय घडत होते, हे तेव्हा लेखकांनाही पूर्णपणे कळले नव्हते! मोठ्या माणसाचा हा प्रांजळपणा लक्षात ठेवण्यासारखा आहे.

पण लवकरच दिवस पालटले. १९७९ साली युनिक्सची सातवी आवृत्ती निघाली. तिच्या परवान्यात एक नवी अट होती. युनिक्सच्या मूळ ओळी वर्गात शिकवण्यास आता मनाई झाली. लायन्स यांचे पुस्तकही परवाना असलेल्या संस्थांपुरतेच उरले. उघडे असलेले दार असे बंद झाले.

मात्र ज्ञानाची तहान अशा अटींनी भागत नाही. विद्यार्थ्यांनी या पुस्तकाच्या छायाप्रती काढल्या. त्या प्रतींच्याही प्रती निघाल्या. अक्षरे पुसट होत गेली, पण वाचक वाढत गेले. छापखाने नव्हते तेव्हा कातिब ग्रंथांच्या नकला हाताने उतरवत आणि त्या नकला दूरच्या गावी पोहोचत. तसाच प्रवास या पुस्तकाने केला. शेवटी १९९६ साली ते रीतसर छापून सर्वांसाठी खुले झाले. तो दिवस लायन्स यांना पाहता आला. १९९८ साली त्यांचे निधन झाले.

नव्या अटीमुळे हॉलंडमधील एका प्राध्यापकांचीही अडचण झाली होती. अँड्र्यू टॅनेनबॉम हे त्यांचे नाव. ते अ‍ॅमस्टरडॅमच्या विद्यापीठात शिकवत. आता विद्यार्थ्यांना दाखवायचे काय? नुसते नियम पाठ करून घ्यायचे? टॅनेनबॉम हात जोडून बसले नाहीत. युनिक्सची एकही ओळ न घेता, तिच्यासारखीच वागणारी एक लहान ऑपरेटिंग सिस्टिम स्वतः लिहायची, असे त्यांनी ठरवले. तिचे नाव 'मिनिक्स'.

१९८१ साली आयबीएम कंपनीने आपला वैयक्तिक संगणक बाजारात आणला होता. त्याआधीचे युनिक्सचे संगणक कपाटाएवढे असत. हा संगणक मात्र टेबलावर मावे. त्यात ८०८८ नावाचा प्रोसेसर होता. अशा यंत्रावर चालेल अशीच मिनिक्स लिहायची होती.

काम पुरे होत आले, पण एक विचित्र अडचण उभी राहिली. मिनिक्स चालता चालता अचानक बंद पडे. कारण काही सापडेना. टॅनेनबॉम इतके निराश झाले, की सारे काम सोडून द्यावे असे त्यांना वाटू लागले. तेव्हा त्यांच्या एका विद्यार्थ्याने ऐकलेली गोष्ट सांगितली. प्रोसेसर फार तापला की तो पंधराव्या क्रमांकाचा 'इंटरप्ट' पाठवतो! वर्गात मुलगा हात वर करून शिक्षकांचे लक्ष वेधतो, तसा संगणकातील संकेत म्हणजे इंटरप्ट. या संकेताचा उल्लेख प्रोसेसरच्या माहितीपुस्तिकेत नव्हता. टॅनेनबॉम यांचा विश्वास बसला नाही. तरीही त्यांनी आज्ञावलीत एक संदेश घातला. हा संदेश कधीच दिसणार नाही, असे त्यात थट्टेने लिहिले. थोड्याच वेळात तो संदेश पडद्यावर झळकला! विद्यार्थ्याचे म्हणणे खरे ठरले. दोष सापडला आणि मिनिक्स वाचली.

१९८७ साली टॅनेनबॉम यांचे पुस्तक प्रसिद्ध झाले. ऑपरेटिंग सिस्टिमची रचना कशी करावी आणि ती प्रत्यक्षात कशी उतरवावी, हा त्याचा विषय. मिनिक्सच्या सुमारे बारा हजार ओळी त्यात छापलेल्या होत्या. बंद झालेले दार एका शिक्षकाने पुन्हा उघडले.

या दारातून आत शिरणाऱ्यांत फिनलंडचा एक तरुण होता. लिनस टोरवाल्ड्स हे त्याचे नाव. त्याचा जन्म १९६९ सालचा, हेलसिंकी शहरातला. फिनलंडमध्ये बहुतेक लोक फिनिश भाषा बोलतात. लिनसच्या घरी मात्र स्वीडिश बोलत. त्याचे आजोबा संख्याशास्त्राचे प्राध्यापक होते. त्यांनी कमोडोर कंपनीचा 'व्हिक-२०' हा छोटा संगणक घेतला होता. त्याच्या स्मृतीत जेमतेम पाच हजार अक्षरे मावत. आजोबा कागदावर आज्ञा लिहीत आणि नातू त्या टाइप करी. पुढे लिनसने संगणकाबरोबर आलेली पुस्तिका वाचून काढली. मासिकांत छापलेले खेळ तो स्वतः टाइप करू लागला. हळूहळू तो यंत्रभाषेपर्यंत पोहोचला.

१९९० सालच्या उन्हाळ्यात लिनसने टॅनेनबॉम यांचे इंग्रजी पुस्तक वाचले. या पुस्तकाने आपल्या आयुष्याला वळण दिले, असे त्याने पुढे आपल्या आत्मचरित्रात सांगितले आहे. जानेवारी १९९१ मध्ये त्याने नवा संगणक घेतला. त्यात ३८६ नावाचा प्रोसेसर होता. एक काम ठेवून दुसरे कसे हाती घ्यायचे, हा तोच जुना प्रश्न त्याने स्वतः सोडवून पाहिला. त्याने दोन छोटी कामे लिहिली. एक काम पडद्यावर 'ए' अक्षर लिही, दुसरे 'बी'. काही ए, मग काही बी, पुन्हा ए, पुन्हा बी, अशी अक्षरे पडद्यावर येऊ लागली. पाहणाऱ्याला त्यात काय कौतुक वाटणार? पण लिनसला कळले, की फळा एकाकडून दुसऱ्याकडे जाऊ लागला आहे!

त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये त्याने आपल्या ऑपरेटिंग सिस्टिमचा पहिला नमुना लोकांपुढे ठेवला. त्यात सुमारे दहा हजार ओळी होत्या. तिचे नाव 'लिनक्स'. १९९२ साली लिनसने तिला असा परवाना लावला, की कोणीही ती वाचावी, बदलावी आणि इतरांना द्यावी. फक्त पुढच्या माणसाचाही तोच हक्क राखावा.

त्याच वर्षी टॅनेनबॉम यांनी लिनक्सची रचना जुनाट आहे, अशी टीका केली. लिनसने तिखट उत्तर दिले. नंतर आपल्या कठोर भाषेबद्दल त्याने क्षमाही मागितली. मतभेद मात्र कायम राहिला. पुढे २००४ साली एक आरोप झाला. लिनक्स ही मिनिक्सची नक्कल आहे, असे कोणी म्हणू लागले. तेव्हा लिनसच्या बाजूने कोण उभे राहिले? स्वतः टॅनेनबॉम! लिनक्स लिनसनेच लिहिली आहे, असे त्यांनी जाहीरपणे सांगितले. मत न पटणाऱ्या माणसाबद्दलही खरे तेच बोलावे, हा धडा त्यांच्या पुस्तकात नाही. तो त्यांच्या वागण्यात आहे.

आज अँड्रॉइड मोबाइलच्या मुळाशी लिनक्स आहे. जगातील सर्वांत वेगवान पाचशे महासंगणकांच्या यादीतील सर्व संगणक २०१७ सालापासून लिनक्सवर चालतात. पुण्याच्या सी-डॅक संस्थेचा 'परम सिद्धि-एआय' २०२० साली या यादीत आला, तोही लिनक्सवरच चालणारा.

व्हिक-२० आणि ८०८८ ही यंत्रे आता संग्रहालयाच्या वस्तू झाल्या आहेत. तरीही त्या काळची ही पुस्तके लोक आजही आवडीने वाचतात. कारण ती यंत्रे लहान होती. एका माणसाला ती अथपासून इतिपर्यंत समजून घेता येत. जे लहान यंत्र पुरते समजले, त्याच्या आधारे मोठ्या यंत्राचे कोडे उलगडते. मित्रांनो, पुस्तक नुसते वाचून मिटू नका. त्यातले करून पाहा. मग पुस्तक संपते तेथून तुमचे काम सुरू होईल.

शब्दार्थ
अंतरंग – आतला भाग
जिज्ञासू – जाणून घेण्याची इच्छा असलेला
आज्ञावली – संगणकाला दिलेल्या आज्ञांची मालिका
भाष्य – अर्थ उलगडून सांगणारे लेखन, शरह
छायाप्रत – झेरॉक्स
प्रांजळपणा – मनाचा खरेपणा
रीतसर – नियमाप्रमाणे

वाक्प्रचार
हात जोडून बसणे – काही न करता स्वस्थ राहणे
दिवस पालटणे – परिस्थिती बदलणे
वळण देणे – नवी दिशा देणे
अथपासून इतिपर्यंत – आरंभापासून शेवटापर्यंत

स्वाध्याय

प्र. १. एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) प्रोसेसरला कोणत्या आज्ञा समजतात?
(आ) जॉन लायन्स कोणत्या शहरात शिकवत होते?
(इ) इंटरप्ट म्हणजे काय?
(ई) लिनसच्या घरी कोणती भाषा बोलत?

प्र. २. तीन-चार वाक्यांत उत्तरे लिहा.
(अ) फळ्याचे उदाहरण देऊन लेखकाने काय समजावले आहे?
(आ) १९७९ सालच्या अटीमुळे शिक्षकांची कोणती अडचण झाली? टॅनेनबॉम यांनी ती कशी दूर केली?
(इ) २००४ सालच्या प्रसंगातून टॅनेनबॉम यांचा कोणता गुण दिसतो?

प्र. ३. कंसातील योग्य शब्द निवडून रिकाम्या जागा भरा.
(मिनिक्स, १९९६, सी)
(अ) युनिक्स १९७३ साली ........ भाषेत पुन्हा लिहिण्यात आली.
(आ) लायन्स यांचे पुस्तक ........ साली रीतसर छापले गेले.
(इ) टॅनेनबॉम यांनी ........ ही ऑपरेटिंग सिस्टिम लिहिली.

प्र. ४. कागद, नक्कल, परवाना, जाहीर हे शब्द उर्दूतही आहेत. त्यांचा मराठी वाक्यांत उपयोग करा.

प्र. ५. कंसातील सूचनेप्रमाणे बदल करा.
(अ) विद्यार्थी छायाप्रती काढतात. (भूतकाळ करा.)
(आ) ती जागा अवघड होती. (अनेकवचन करा.)

उपक्रम : सायकल, शिवणयंत्र किंवा घड्याळ यांपैकी एक वस्तू जाणकार व्यक्तीच्या मदतीने पाहा. तिचा प्रत्येक भाग काय काम करतो, ते क्रमांक घालून दहा ओळींत लिहा.