रेकॉर्डिंगचं बटण गेलं कुठे?

प्रश्न : माझी मुलगी आणि तिचा मावसभाऊ, दोघांनी दिवाळीत कॉम्प्युटर असेंबल करून घेतले. गेम तोच, विंडोज तीच. त्याच्याकडे खेळ रेकॉर्ड होतो. हिच्याकडे मात्र ‘हा पीसी रेकॉर्डिंगच्या अटी पूर्ण करत नाही’ अशी सूचना येते. आपल्याच हातून काहीतरी बिघडलं असं वाटून ती चार दिवस हिरमुसली आहे. असं खरंच काही बिघडतं का?
— एक आई, नाशिक

उत्तर : ताई, मुलीला आधी सांगा की तिच्या हातून काहीही बिघडलेलं नाही. तिच्या कॉम्प्युटरमध्ये एक भाग बहुधा पहिल्या दिवसापासूनच नाही. तो असतो हे दुकानात फारसं कुणी सांगत नाही आणि खोक्यावरही ठळक छापलेलं नसतं.

एक छोटा हिशेब करू. १९२० गुणिले १०८० ठिपक्यांचा पडदा म्हणजे एका चित्रात २० लाखांहून जास्त ठिपके. प्रत्येक ठिपक्याच्या रंगासाठी ३ बाइट धरले, तर एक चित्र ६२ लाख बाइटांचं होतं. सेकंदाला अशी ६० चित्रं धरली की सेकंदाला सुमारे ३७० एमबी आणि मिनिटाला २२ जीबी! हे सगळं जसंच्या तसं साठवायला गेलं, तर दहा मिनिटांच्या एका सामन्याला २२० जीबी लागतील. म्हणून चित्रण होता होताच ते दाबून लहान करावं लागतं. हे काम फार दमवणारं आहे. मुख्य प्रोसेसरवर टाकलं तर खेळ अडखळायला लागतो.

यावर चिप बनवणाऱ्यांनी उपाय काढला. चित्रं दाबण्याचं एकच काम करणारा वेगळा भाग त्यांनी चिपमध्येच बसवला. त्याला एन्कोडर म्हणतात. इंटेलने तो २०११मध्ये ‘क्विक सिंक’ या नावाने आणला. एनव्हिडियाने २०१२मध्ये जीफोर्स ६०० मालिकेपासून ‘एनव्हेंक’ दिला आणि एएमडीनेही त्याच सुमाराला आपला आणला. विंडोजमधलं गेम रेकॉर्डिंग या भागाच्या भरवशावर चालतं. तो सापडला नाही की तुमच्या मुलीला दिसली तशी सूचना येते.

आता अडचण अशी, की सगळ्या नव्या ग्राफिक्स कार्डांत एन्कोडर असतोच असं नाही. २०१७मध्ये आलेलं जीटी १०३० हे स्वस्त कार्ड अनेक घरांत पोहोचलं, पण त्यात एन्कोडर नाही. २०२२मधल्या एएमडीच्या आरएक्स ६४०० आणि ६५०० एक्सटी या कार्डांतही नाही. ही कार्डं खेळाचं चित्र पडद्यावर व्यवस्थित उमटवतात, म्हणून उणीव लक्षात यायला वेळ लागतो. त्यात इंटेलच्या ज्या प्रोसेसरच्या नावापुढे ‘एफ’ अक्षर असतं, त्यात ग्राफिक्सच नसतं, म्हणजे क्विक सिंकही नसतं. असा ‘एफ’ प्रोसेसर आणि जीटी १०३० एकत्र आले की त्या कॉम्प्युटरमध्ये एन्कोडर कुठेच उरत नाही. मावसभावाचं मशीन दिसायला तसंच असेल, पण त्याच्या बिलावरचं एखादं अक्षर वेगळं असणार.

तेव्हा बिल काढा आणि कार्डाचं व प्रोसेसरचं पूर्ण नाव वाचा. मग ‘डिव्हाइस मॅनेजर’ उघडून ‘डिस्प्ले अडॅप्टर्स’खाली काय लिहिलंय ते पाहा. तिथे ‘मायक्रोसॉफ्ट बेसिक डिस्प्ले अडॅप्टर’ असेल तर कार्डाचा ड्रायव्हरच टाकलेला नाही. तो कार्ड बनवणाऱ्या कंपनीच्या संकेतस्थळावर फुकट मिळतो. ड्रायव्हर ठीक असेल आणि प्रोसेसर ‘एफ’ नसेल, तर प्रोसेसरमधलं ग्राफिक्स बायोसमध्ये बंद ठेवलेलं असू शकतं. ते सुरू केलं की त्याचा एन्कोडर हाताशी येतो.

यातलं काहीच लागू पडलं नाही तरी लगेच नवं कार्ड घेऊ नका. ‘ओबीएस स्टुडिओ’ हा मोफत प्रोग्राम एन्कोडरशिवाय, प्रोसेसरच्या जोरावरही रेकॉर्ड करतो. त्यात चित्राचा आकार १२८० गुणिले ७२० करा आणि सेकंदाला ३० चित्रं ठेवा. काम साडेचार पटींनी हलकं होतं. मैत्रिणींना दाखवायला एवढं पुरेसं आहे.

प्रश्न : मी जर्मनीत शिकतो. इथे घेतलेल्या लॅपटॉपवर विंडोज आणि जी ही बटणं दाबली की गेम बार उघडतो, पण रेकॉर्डिंग करायला गेलं की मीडियाच्या सोयी नसल्याचं सांगतो. भारतातल्या जुन्या लॅपटॉपवर हे कधी झालं नव्हतं.
— एक विद्यार्थी

उत्तर : ‘सेटिंग्ज’मध्ये ‘सिस्टम’ आणि तिथे ‘अबाउट’ उघड. विंडोजच्या नावाशेवटी ‘एन’ हे एकटं अक्षर दिसलं, तर तुझं उत्तर तिथेच आहे.

या अक्षरामागे एक खटला आहे. विंडोजसोबत मीडिया प्लेअर आपोआप देऊन मायक्रोसॉफ्ट इतर कंपन्यांची वाट अडवते, असा निर्णय युरोपीय आयोगाने मार्च २००४मध्ये दिला आणि ४९ कोटी ७० लाख युरोंचा दंड ठोठावला. मीडिया प्लेअर नसलेली विंडोजही विकायला ठेवा, असा आदेशही दिला. तीच ही ‘एन’ आवृत्ती. प्लेअरबरोबर चित्रं आणि ध्वनी हाताळणारे विंडोजचे आतले भागही तिच्यात नसतात आणि गेम बारचं रेकॉर्डिंग नेमकं त्यांच्यावरच उभं आहे. वीसहून जास्त वर्षांपूर्वीच्या त्या निकालाची खूण आज तुझ्या लॅपटॉपवर उमटली आहे.

उपाय दहा मिनिटांचा आहे. ‘सेटिंग्ज’मध्ये ‘ऑप्शनल फीचर्स’ शोध, त्यात ‘मीडिया फीचर पॅक’ निवड, तो उतरवून घे आणि लॅपटॉप बंद करून पुन्हा सुरू कर. पैसे पडत नाहीत.

आपल्याकडच्या वाचकांसाठी याला जोडून एक गोष्ट सांगतो. मशीन हलकं चालावं म्हणून काही जण विंडोजची काटछाट केलेली प्रत टाकून देतात. ठरावीक खास कामांच्या मशीनसाठी असलेल्या ‘एलटीएससी’ आवृत्तीतही गेम बार आणि स्टोअर नसतात. अशा मशीनवर विंडोज आणि जी कितीही वेळा दाबलं तरी काही उघडणार नाही. माझ्या ओळखीच्या एका घरात असा कॉम्प्युटर आला होता आणि दोन महिने सगळे कीबोर्डलाच दोष देत होते. विंडोज टाकून घेताना ती कोणती आवृत्ती आहे हे दुकानदाराला सरळ विचारा आणि बिलावर लिहून घ्या.

प्रश्न : गेम बार उघडतो, रेकॉर्डचं बटणही दिसतं, पण ते फिकट असतं, दाबलं जात नाही. असं का?

उत्तर : बहुतेक वेळा त्या क्षणी समोर गेम नसतो, डेस्कटॉप किंवा फाइल एक्सप्लोरर असतो. गेम बार एका वेळी एकाच चालू प्रोग्रामचं चित्रण करतो, डेस्कटॉपचं किंवा फाइल एक्सप्लोररचं करत नाही. गेममध्ये जा, एकदा क्लिक करा आणि मग विंडोज, ऑल्ट आणि आर ही बटणं एकत्र दाबा. तरीही गेम ओळखला जात नसेल तर गेम बारच्या सेटिंग्जमध्ये ‘रिमेंबर धिस इज अ गेम’समोर खूण करा. डेस्कटॉपच रेकॉर्ड करायचा असेल, तर विंडोज ११मधल्या स्निपिंग टूलमध्ये २०२३पासून ती सोय आहे.

मशीन कंपनीने दिलेलं असेल, तर मात्र कारण वेगळं असू शकतं. कार्यालयाचा सिस्टम ॲडमिनिस्ट्रेटर गेम रेकॉर्डिंग एका धोरणाद्वारे सगळ्याच मशीनवर बंद करू शकतो. ते फिरवण्याच्या खटपटीत पडू नका. ते लॅपटॉप कामासाठी आहेत.

प्रश्न : माझ्या भावाच्या प्लेस्टेशनवर रेकॉर्डिंग होतं, पण मधलेच काही प्रसंग गायब असतात. मशीन खराब आहे का? शिवाय पीएस४ वरून पीएस५ वर आल्यापासून त्याचं काहीतरी चुकतंय.

उत्तर : मशीन ठणठणीत आहे. नकार गेम बनवणाऱ्याकडून आलेला आहे. प्लेस्टेशनवर गेमच्या कंपनीला ठरावीक प्रसंग ‘ब्लॉक्ड सीन’ म्हणून राखून ठेवता येतात. खेळ त्या प्रसंगात शिरला की चित्रण थांबतं, बाहेर आला की पुन्हा सुरू होतं. सहसा हे कथेतले महत्त्वाचे प्रसंग असतात. ‘पर्सोना ५’ हा गेम २०१७मध्ये जपानबाहेर आला, तेव्हा ॲटलस कंपनीने पीएस४ वर शेअरची सोयच बंद ठेवली होती. गेमची गोष्ट आधी फुटू नये ही तिची इच्छा होती. खेळणारे त्यावर बरेच चिडले. मला दोन्ही बाजू समजतात. शंभर तासांची कथा रचणाऱ्याला शेवट जपावासा वाटतो आणि शंभर तास खेळलेल्याला तो क्षण जवळ ठेवावासा वाटतो. पण कुणाची बाजू घ्यायची ते नंतर. आधी हे ध्यानात घ्या की असा नकार सेटिंग्ज बदलून जात नाही, तेव्हा त्यामागे संध्याकाळ घालवू नका.

निन्टेन्डो स्विचवरही असंच आहे. हे मशीन मार्च २०१७मध्ये आलं, तेव्हा त्यात फक्त स्थिर चित्र टिपता येत होतं. व्हिडिओची सोय ऑक्टोबरमधल्या अपडेटने दिली. कॅप्चरचं बटण दाबून धरलं की शेवटचे ३० सेकंद साठतात. सुरुवातीला हे अगदी मोजक्या गेममध्ये चालायचं आणि आजही प्रत्येक गेमला ते मान्य असतंच असं नाही.

भावाचा दुसरा घोटाळा बटणाचा आहे. पीएस४ वर शेअरचं बटण दोनदा दाबलं की नवं रेकॉर्डिंग सुरू व्हायचं. पीएस५ वर क्रिएटचं बटण दोनदा दाबलं की मागचा खेळ साठवला जातो. हात जुन्या सवयीने चालतो, म्हणून ‘आता सुरू झालं’ असं त्याला वाटतं आणि प्रत्यक्षात काहीच सुरू झालेलं नसतं. ‘कॅप्चर्स अँड ब्रॉडकास्ट्स’ या सेटिंगमध्ये जाऊन कोणता दाब कशासाठी, ते एकदा वाचून घ्यायला सांगा. मागचा किती वेळ साठवायचा, तेही तिथेच ठरवता येतं.

प्रश्न : कॅप्चर कार्ड आणलं, प्लेस्टेशन जोडलं, आवाज नाही, चित्र नाही, नुसता काळा पडदा. कार्ड परत करू का?

उत्तर : थोडं थांबा. एचडीएमआयच्या तारेतून जाणारं चित्र बरेचदा ‘एचडीसीपी’ नावाच्या कुलपात बंद असतं. चित्रपटांची नक्कल होऊ नये म्हणून इंटेलने हे कुलूप तयार केलं. टीव्हीकडे त्याची किल्ली असते, कॅप्चर कार्डाकडे नसते. पीएस५ वर ‘सेटिंग्ज’, ‘सिस्टम’, ‘एचडीएमआय’ असं जाऊन ‘एनेबल एचडीसीपी’ बंद करा. पीएस४ वर ही मुभा २०१४च्या वसंतात आली. कुलूप काढलेलं असताना चित्रपट दाखवणारी ॲप्स चालत नाहीत, म्हणून रेकॉर्डिंग झालं की ते पुन्हा लावा, नाहीतर रात्री घरच्यांना सिनेमा दिसणार नाही.

कॉम्प्युटरवरही या कुलपाचा भाऊ भेटतो. एनव्हिडियाच्या ‘इन्स्टंट रिप्ले’ने खेळ साठवत असताना ब्राउझरमध्ये कुलूपबंद चित्रपट उघडा राहिला, तर रिप्ले आपोआप बंद पडतो. तो टॅब बंद करून पाहा.

आणि लॅपटॉपवर ओबीएसमध्ये काळा पडदा येत असेल, तर तो कुलपाचा प्रश्न नसतो. अशा लॅपटॉपमध्ये दोन ग्राफिक्स चिप असतात आणि गेम एकीवर, ओबीएस दुसरीवर चाललेला असतो. विंडोजच्या ‘डिस्प्ले’ सेटिंगमधल्या ‘ग्राफिक्स’मध्ये जाऊन दोघांना एकाच चिपवर आणा. मॅकवर असं झालं तर ‘प्रायव्हसी अँड सिक्युरिटी’मध्ये पडदा टिपायची परवानगी दिली आहे का ते पाहा. ती परवानगी २०१९पासून प्रत्येक प्रोग्रामला वेगळी द्यावी लागते.

या महिन्यातले सगळे प्रश्न शेजारी ठेवले की एक गोष्ट दिसते. रेकॉर्डिंगच्या एका बटणामागे चौघांचा होकार लागतो : चिपचा, विंडोजचा किंवा कन्सोलच्या प्रणालीचा, गेम बनवणाऱ्याचा आणि मशीनच्या मालकाचा. चौघांपैकी एकानेही मान हलवली नाही तर बटण फिकट होतं किंवा दिसतच नाही. म्हणून प्रत्येकाला क्रमाने विचारा. दुसऱ्या गेमवर रेकॉर्डिंग होतं का ते पाहिलं की गेमवाल्याचं उत्तर कळतं. आवृत्तीचं नाव वाचलं की प्रणालीचं कळतं, बिल वाचलं की चिपचं. यात एक रुपयाही जात नाही. खिशात हात घालायची वेळ त्यानंतरची.

नाशिकच्या ताईंना शेवटचं एक सांगतो. ओबीएस बसवून झालं की मुलीला आधी दहा सेकंदांचं रेकॉर्डिंग करून ते लावून पाहायला सांगा. आवाज आला, चित्र हललं, की मग खेळायला बसू दे. मोठा सामना जिंकून झाल्यावर फाइल रिकामी निघाली, तर ते दुःख कुठलंही सेटिंग भरून काढत नाही.