आवाज मोजणारे मास्तर

जुन्नरजवळचा लेण्याद्रीचा डोंगर आपल्यापैकी पुष्कळांनी चढला असेल. वर गणपतीच्या लेण्यात एवढं मोठं दालन, पण आत एकही खांब नाही. तिथे कुणी 'मोरया' म्हटलं, की तो शब्द लगेच विरत नाही. घुमत राहतो.

जवळच चैत्याचं लेणं आहे. त्याचं छत कमानीसारखं, मागची बाजू गोल. कल्याणच्या सुलसदत्त नावाच्या माणसानं ते दान दिलं, असं तिथल्या लेखात कोरलं आहे. ज्यांनी छिन्नी चालवली, त्या पाथरवटांची नावं मात्र कुठंच नाहीत.

आवाज घुमतो का? आवाज म्हणजे हवेची थरथर. ती एका सेकंदात सुमारे ३४० मीटर धावते, भिंतीवर आपटते आणि माघारी फिरते. कातळ आवाज गिळत नाही, जवळजवळ सगळा परत देतो. घोंगडी गिळते. कातळाच्या दालनात सावकाश नामस्मरण केलं तर ते भरदार वाटतं. पण भरभर बोललं, की एका शब्दावर दुसरा शब्द चढतो.

आम्ही आंबेगाव तालुक्यातल्या एका शाळेत होतो, तेव्हा शाळेला नवी खोली मिळाली. वर स्लॅब, भिंतींना सिमेंटचा गुळगुळीत गिलावा, खाली शहाबादी फरशी. आम्हाला मोठा आनंद झाला. पण महिन्याभरात मागच्या रांगेतली मुलं शुद्धलेखनात चुकू लागली. आम्ही त्यांना मठ्ठ म्हणालो. एक मुलगी उठून म्हणाली, "गुरुजी, तुमचा आवाज येतो, पण शब्द येत नाहीत." आम्हाला तो आगाऊपणा वाटला. आम्ही तिला तासभर उभं केलं.

पुढे एका पुस्तकात वॉलेस सॅबिन यांची हकिकत वाचली, तेव्हा त्या मुलीची आठवण झाली.

सॅबिन यांचा जन्म १८६८ सालचा, अमेरिकेतला. हार्वर्ड विद्यापीठात ते पदार्थविज्ञान शिकवीत. म्हणजे तेही मास्तरच. १८९५ साली तिथे व्याख्यानांसाठी एक नवं सभागृह बांधून झालं होतं. दिसायला सुरेख, पण बोललेलं समजत नसे. एक शब्द तोंडातून निघाला, की साडेपाच सेकंद ऐकू येत राही. तेवढ्यात बोलणाराची पुढची बारा-पंधरा अक्षरं बाहेर पडत. मग ऐकणाराला काय कळणार? विद्यापीठानं सॅबिन यांना सांगितलं, यावर उपाय शोधा.

त्यांनी काय केलं? जवळच्या नाट्यगृहातल्या बाकांवरच्या गाद्या रात्री उचलून आणल्या. दिवसा रस्त्यावर गाड्यांची खडखड, म्हणून काम रात्रीचं. बाजाची एक नळी वाजवायची, थांबवायची, आणि आवाज किती वेळानं विरतो ते आपल्याच कानानं ऐकून मोजायचं. मग थोड्या गाद्या आणखी मांडायच्या, पुन्हा मोजायचं. सकाळ व्हायच्या आत गाद्या जागच्या जागी! असं त्यांनी रात्रीमागून रात्री केलं. माणसं बसवूनही मोजलं. अंगावरच्या कपड्यांसकट माणूसही आवाज गिळतो.

१८९८ साली त्यांना हिशेब सापडला. खोली जेवढी मोठी, तेवढा आवाज जास्त वेळ घुमतो. आवाज गिळणाऱ्या वस्तू जेवढ्या जास्त, तेवढा लवकर विरतो. हे आकड्यांत मांडता आलं, म्हणून इमारत बांधायच्या आधीच तिचा आवाज कसा असेल ते सांगता येऊ लागलं. बोस्टन शहरातलं संगीताचं सभागृह अशा हिशेबानं बांधलं आणि ते १९०० साली उघडलं. तिथे आजही मैफली होतात. सॅबिन १९१९ साली वारले.

हे वाचल्यावर आम्ही पालकांकडून गोधड्या आणि घोंगड्या मागवल्या. मागच्या भिंतीवर खिळे ठोकून टांगल्या, काही खाली अंथरल्या. पालक हसले. एक आजी म्हणाल्या, "गुरुजींनी शाळेला पांघरूण घातलं बघा!" मग आम्ही शेवटच्या रांगेला पुन्हा शुद्धलेखन घातलं. ती मुलगी तोवर शाळा सोडून गेली होती.

आपल्या गावच्या सभागृहाची परीक्षा आपल्यालाही घेता येईल. ते रिकामं असताना मधोमध उभं राहून एक टाळी वाजवा. टाळी वाजून गेल्यावरही घणघण होत राहिली, तर मागे बसलेल्यांना भाषण समजत नाही असं धरून चाला. कर्णा लावून हे हमखास सुधारत नाही, कारण कर्ण्यानं आवाज वाढतो तशी घणघणही वाढते. ग्रामसभेत बाया बहुधा मागे बसतात. ठराव वाचला जातो, वही फिरते, सह्या होतात. वही आपल्याजवळ आली आणि ठराव कानी पडला नसेल, तर तो पुन्हा सावकाश वाचायला सांगा.

शाळेतल्या गोधड्या आम्हाला रोज संध्याकाळी परत द्याव्या लागत. थंडीचे दिवस होते.