आधी प्रयोगशाळा, मग कॅमेरा

अन्नसुरक्षा आणि सार्वजनिक आरोग्यावरच्या माहितीपटांचं निवेदन करायचंय, असं मुलीने म्हटलं की पालक आवाजाच्या शिबिरांची चौकशी करू लागतात. माझा आग्रह वेगळा आहे. आधी तिला विषय शिकू द्या.

एफएसएसएआय या केंद्रीय अन्नसुरक्षा प्राधिकरणाने २०१८ मध्ये देशभरातले दुधाचे ६,४३२ नमुने तपासले. आपण ज्या भेसळीला घाबरतो, ती असुरक्षित भेसळ त्यातल्या अवघ्या १२ नमुन्यांत सापडली. अफ्लाटॉक्सिन एम१ हे बुरशीजन्य विष मात्र ३६८ नमुन्यांत मर्यादेपेक्षा जास्त निघालं. ते दुधात कुणी ओतत नाही. बुरशी लागलेली पेंड आणि चारा जनावराने खाल्ला की ते दुधात उतरतं. हे ठाऊक नसलेला निवेदक पहाटे भेसळखोरांच्या मागे धावेल. ठाऊक असलेला गोठ्यात जाऊन पेंडीचं पोतं उघडायला लावेल आणि पावसाळ्यात ते कुठे ठेवलं होतं, असं विचारेल. खरा माहितीपट त्या प्रश्नापासून सुरू होतो.

कायदाही वाचावा लागतो. २००६ च्या अन्नसुरक्षा कायद्यात कमी दर्जाचं अन्न वेगळं आणि असुरक्षित अन्न वेगळं. नुसतं फॅट कमी भरलेल्या दुधाला पडद्यावर ‘विष’ म्हटलं, तर लोक विनाकारण घाबरतात, शिवाय बदनामीचा दावा होऊ शकतो.

आधी विषय शिकल्याचा फायदा ब्रिटनचे विज्ञान-निवेदक मायकेल मोस्ली यांच्या कामात दिसतो. ते आधी बँकेत होते, मग वैद्यकीय शिक्षण घेऊन १९८५ मध्ये बीबीसीत शिकाऊ म्हणून गेले. पोटातल्या अल्सरचं कारण जिवाणू आहे, हे सांगणाऱ्या बॅरी मार्शल यांच्यावर त्यांनी १९९४ मध्ये माहितीपट केला. मार्शल यांना नोबेल मिळालं ते २००५ मध्ये. पुरावे वाचता येत असल्यामुळेच मोस्लींना हा विषय इतक्या आधी पेलला, असं मला वाटतं.

आपल्याकडे अन्नतंत्रज्ञानासाठी माटुंग्याची आयसीटी, परभणीचं कृषी विद्यापीठ आणि म्हैसूरची सीएफटीआरआय आहे. सार्वजनिक आरोग्यासाठी टाटा इन्स्टिट्यूट ऑफ सोशल सायन्सेस (टिस) आहे. पत्रकारिता आणि चित्रपटाचं शिक्षण पदवीनंतर पुण्यात रानडे इन्स्टिट्यूट किंवा एफटीआयआयमध्ये घेता येईल. तोवर भाषेची तयारी घरीच करावी: प्रयोगशाळेचा एखादा अहवाल घेऊन तो आजीला समजेल अशा मराठीत रोज मोठ्याने सांगावा.

पालकांची पैशांची काळजी रास्त आहे. सुरुवातीला काम संशोधन-साहाय्यकाचं मिळतं, तेही प्रकल्पापुरतं. अशा वेळी अन्नतंत्रज्ञानाची पदवी हाताशी असली, तर खाद्यउद्योगात गुणवत्ता-तपासणीची नोकरी करता येते आणि एमपीएससीमार्फत होणारी अन्न सुरक्षा अधिकारी पदाची परीक्षाही देता येते.