एका चित्रपटाचे दोन रंग

भिंतीवरील तसबीर वर्षानुवर्षे उन्हात राहिली म्हणजे फिकी पडते, हे तुम्ही पाहिलेच असेल. चित्रपटाच्या फितीचेही तसेच आहे. तिच्यावरील रंग कालांतराने विटू लागतात. अंधाऱ्या कोठारात ठेवली तरी ते पुरते टळत नाही. म्हणून जुना चित्रपट घरी पाहावयाच्या तबकडीवर उतरविण्यापूर्वी त्याची मूळ फीत एकेक चित्र करून संगणकात घेतात. सेकंदास २४ चित्रे, याप्रमाणे पावणेदोन तासांच्या चित्रपटात ती सुमारे दीड लक्ष भरतात! नंतर कुशल कारागीर पडद्यासमोर बसून प्रत्येक दृश्यातील उजेड, छाया व रंग यांचा मेळ घालतो. या कामास ‘कलर ग्रेडिंग’ म्हणतात. येथे हात किंचित इकडेतिकडे झाला, की सकाळची संध्याकाळ होते. मग मूळ रंग कोणता, हे ठरवावयाचे कोणी?

‘द फ्रेंच कनेक्शन’ या अमेरिकन चित्रपटावरून असाच वाद झाला. १९७१ साली प्रदर्शित झालेल्या या पोलीसकथेचे दिग्दर्शक होते विल्यम फ्रीडकिन आणि छायालेखक ओवेन रॉइझमन. न्यूयॉर्कचा कडक हिवाळा, मळकट रस्ते, काळवंडलेल्या भिंती हे सारे रॉइझमन यांनी मुद्दाम खरखरीत, जणू वार्तापटातील वाटावे असे टिपले होते. सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे ऑस्कर पारितोषिकही त्यास मिळाले.

२००९ साली त्याची ब्ल्यू-रे तबकडी निघाली. तिच्यासाठी फ्रीडकिन यांनी नवाच प्रयोग केला. चित्रपटाची एक प्रत त्यांनी कृष्णधवल करविली. दुसरीतील रंग भडक करून किंचित अस्पष्ट केले आणि ते पहिलीवर चढविले. चित्राचे रूपच पालटले. रॉइझमन यांना कोणी विचारलेही नव्हते. त्यांनी उघडपणे संताप व्यक्त केला.

आपल्या कृतीकडे पुन्हा नव्या दृष्टीने पाहण्याचा दिग्दर्शकास अधिकार नाही, असे कोण म्हणेल? परंतु ज्याने थंडीत उभे राहून प्रकाश जोखला, त्याचा शब्दही घेऊ नये, हे मला तरी रुचत नाही. शिवाय तो चित्रपट प्रथमच पाहणाऱ्या मुलास हेच १९७१चे रंग वाटणार!

२०१२ साली दोघांच्याही संमतीने नवी तबकडी निघाली व मूळच्या जवळ जाणारे रंग परत आले. ते दोघे २०२३ साली निवर्तले. पहिली तबकडी मात्र अजून कित्येकांच्या कपाटांत असेल.