मांजराचा केस आणि मांजराचा दात

गेल्या सोमवारी सकाळी दवाखाना उघडतो न उघडतो तोच एक मावशी आपल्या सुनेला घेऊन आल्या. सून पाच महिन्यांची गरोदर. तपासणी झाली. रक्तदाब ठीक, बाळाचे ठोके ठीक. मावशी मात्र खुर्चीवरून उठेनात. म्हणाल्या, "डॉक्टर, हिला तुम्हीच सांगा. घरात मांजर हाय, हिच्या अंथरुणात येऊन निजतंय. पोटुशी बाईनं मांजराजवळ जाऊ नये म्हणत्यात. केस पोटात गेला तर बाळाला दमा लागतोय. उद्या पोत्यात घालून नदीपल्याड सोडून येतो." सुनेच्या डोळ्यांत पाणी आले. दोघींच्या मध्ये सात-आठ वर्षांचा नातू उभा होता. त्याच्या उजव्या अंगठ्याला हळद माखलेली चिंधी बांधली होती. हे काय, असे विचारल्यावर मावशी म्हणाल्या, "काय न्हाई, त्येच मांजर. शनवारी शेपटावर पाय पडला, जरासं चावलं."

केसाची भीती एवढी, आणि दाताला "काय न्हाई"! हा प्रसंग नवा नाही. म्हणून या आठवड्यात मांजराविषयीच्या समजुती तपासून पाहायचे ठरवले.

वाचकहो, मांजराबद्दल आपल्याकडे समजुतींना तोटा नाही. आडवे गेले तर काम होत नाही, मारले तर सोन्याचे मांजर करून काशीला दान द्यावे लागते, आणि पिलांना सात घरे फिरवल्याशिवाय त्यांचे डोळे उघडत नाहीत. पहिल्या दोहोंवर बोलण्याचा डॉक्टरला अधिकार नाही. तिसरीचे उत्तर सोपे आहे. पिलांचे डोळे जन्मानंतर साधारण आठ-दहा दिवसांनी, क्वचित दोन आठवड्यांनी, आपोआप उघडतात. मग मांजरी एकाच माळ्यावर राहो की सात घरे हिंडो. ती जागा बदलते ती माणसांच्या वर्दळीमुळे आणि बोक्यांच्या भीतीने. आपली मुले पिले बघायला सारखी डोकावतात, हेही एक कारण आहे. एरवी गरीब असलेली मांजरी याच दिवसांत अंगावर येते, हे मुलांना सांगून ठेवावे.

आता केसाचे पाहू. मांजराचा केस पोटात गेला की दमा, क्षय, घटसर्प, असे काय काय होते म्हणून मी प्रॅक्टिसच्या पहिल्या दिवसापासून ऐकत आलो आहे. पोटात गेलेला केस पचत नाही आणि शौचावाटे निघून जातो. आपल्याच डोक्याचा केस भाजीत सापडतो, त्याचे जे होते तेच याचेही होते. क्षयाचे जंतू क्षयरोग्याच्या खोकल्यातून हवेत येतात. घटसर्पही माणसाकडून माणसाला होतो; तो टाळायचा तर मुलांच्या लशी वेळेवर द्याव्यात.

दम्याची गोष्ट अर्धी खरी आहे. मांजराच्या लाळेत आणि त्वचेतील तैलग्रंथींत एक प्रथिन असते. मांजर दिवसभर अंग चाटते, लाळ केसांवर वाळते आणि तिचे अतिसूक्ष्म कण हवेत उडतात. ज्याला या प्रथिनाची ॲलर्जी आहे त्याला शिंका येतात, डोळे खाजतात, दमा असेल तर तो बळावतो. म्हणजे वाट पोटाची नाही, श्वासाची आहे. हे कण गाद्या, पडदे, रजया यांत महिनोन् महिने टिकतात, म्हणून मांजर आज सोडून आलात तर उद्या शिंका थांबतील अशी अपेक्षा करू नका. ज्याला ॲलर्जी नाही त्याला मांजरामुळे दमा "लागत" नाही. अलीकडे शहरांत महागडी, कमी केसांची मांजरे "ॲलर्जी न देणारी" म्हणून विकली जातात. प्रथिन केसात तयारच होत नाही, तेव्हा या दाव्यावर विसंबून पैसे घालवू नयेत.

गरोदरपणाची भीती मात्र केसासारखी निराधार नाही. टॉक्सोप्लाझ्मा नावाचा एकपेशीय जंतू आहे. त्याच्या जीवनचक्रातला मांजराचा वाटा १९७० च्या सुमारास शास्त्रज्ञांना उलगडला. उंदीर किंवा कच्चे मांस खाऊन मांजराला याची लागण होते. त्यानंतर साधारण एक ते तीन आठवडे त्याच्या विष्ठेतून या जंतूची सूक्ष्म बीजे पडतात. बहुतेक मांजरांच्या आयुष्यात हे एकदाच घडते. शिवाय ताज्या विष्ठेतली बीजे लगेच लागण करू शकत नाहीत, त्यांना त्यासाठी एक ते पाच दिवस लागतात. मांजराला मांडीवर घेतल्याने किंवा त्याचा केस साडीला लागल्याने हा आजार होत नाही. माणसाला तो अर्धकच्च्या मटणातून, न धुतलेल्या पालेभाजीतून, दूषित पाण्यातून आणि मातीच्या हातांतून होतो. परसात मांजरे घाण करतात तिथेच आपण कोथिंबीर लावतो, हे लक्षात घ्या.

बाईला गरोदरपणातच पहिल्यांदा लागण झाली तर बाळाच्या मेंदूला आणि डोळ्यांना इजा होऊ शकते. म्हणून गरोदर बाईने मांजराची घाण काढू नये. ते काम घरातल्या दुसऱ्या कुणीतरी रोजच्या रोज करावे. मटण पूर्ण शिजवावे, भाजी नीट धुवावी, मातीत काम केल्यावर साबणाने हात धुवावेत. एवढे केले तर मांजराला घराबाहेर काढण्याचे कारण नाही.

इथे आमच्या धंद्याचाही दोष सांगितला पाहिजे. दोन-तीन गर्भपात झालेल्या बाईला "टॉर्च" नावाची महागडी रक्ततपासणी लिहून द्यायची, त्यात टॉक्सोप्लाझ्माचा "आयजीजी" पॉझिटिव्ह आला की सगळे खापर मांजरावर फोडायचे, असे पुष्कळ वर्षे चालले. नुसता आयजीजी पॉझिटिव्ह म्हणजे लागण पूर्वी कधीतरी होऊन गेली आणि शरीराने प्रतिकारशक्ती तयार केली. वारंवार होणाऱ्या गर्भपाताचे ते कारण धरता येत नाही. सुरुवातीची काही वर्षे मीही ही तपासणी लिहून देत असे.

ओरखड्याचे थोडक्यात सांगतो. पिसवा झालेल्या मांजराच्या, विशेषतः पिलाच्या, नखांतून बार्टोनेला नावाचे जंतू जखमेत जातात आणि एक ते तीन आठवड्यांनी काखेत किंवा मानेत गाठ येते. आपल्याकडे मानेतल्या गाठीला पहिली शंका क्षयाची, आणि ती घ्यायलाच हवी. पण घरात मांजराचे पिलू आहे, हेही डॉक्टरांना सांगावे. ही गाठ बहुधा काही आठवड्यांत आपोआप बसते.

आता दाताकडे वळू. मांजराचा दात सुईसारखा असतो. वरून टाचणी टोचल्याएवढी खूण दिसते, पण जंतू थेट सांध्यापर्यंत किंवा स्नायूबंधापर्यंत पोचलेले असतात. त्यामुळे हाताला झालेला मांजराचा चावा एका दिवसात सुजून लाल होतो. पण याहून मोठी गोष्ट रेबीजची आहे. "मांजर पिसाळत नाही, पिसाळतो तो कुत्रा", हे मी शिकलेल्या लोकांकडूनही ऐकले आहे. हे साफ चूक आहे. आपल्या देशात माणसांना होणारा रेबीज बहुतांशी कुत्र्यांमुळेच होतो, हे खरे. पण पिसाळलेल्या कुत्र्याने मांजराला चावा घेतला तर मांजरही पिसाळते आणि माणसाला रेबीज देते. मांजर पंजे चाटत असल्यामुळे नखांनाही लाळ असते.

"पण मांजर चावून कुणी मेल्याचं ऐकलं नाही डॉक्टर," असे लोक म्हणतात. यावरून मला दुसऱ्या एका समजुतीची आठवण होते. मांजर कितीही उंचावरून पडले तरी पायांवर पडते आणि वाचते, अशी ती समजूत. न्यूयॉर्कमध्ये इमारतींवरून पडलेल्या १३२ मांजरांचा एक अभ्यास १९८७ साली प्रसिद्ध झाला. उपचार केलेल्यांपैकी ९० टक्के वाचली होती. पण जी जागच्या जागी मेली ती दवाखान्यात आणलीच कशाला असतील? ती या मोजणीत नाहीत. आपल्या ऐकीव माहितीचेही असेच असते. चावा आणि आजार यांत बहुधा एक ते तीन महिने जातात, कधी त्याहूनही जास्त. एवढ्या काळात अंगठ्यावरचा ओरखडा घरचे विसरून जातात. मग झटके, पाण्याची भीती, बडबड सुरू झाली की कुणी मेंदूज्वर म्हणते, कुणी बाहेरची बाधा. लक्षणे दिसू लागल्यावर रेबीजवर इलाज नाही, आणि त्या वेळी मांजराची आठवण सांगणारेही कुणी नसते.

माझीच एक चूक सांगतो. १९९८ सालची गोष्ट, नवी प्रॅक्टिस होती. नऊ वर्षांच्या एका मुलाच्या करंगळीला मांजर चावले म्हणून वडील घेऊन आले. मी टिंक्चर लावले, धनुर्वाताचे इंजेक्शन दिले आणि घरी पाठवले. मांजराचे पुढे काय झाले, हे विचारायचे मला सुचलेही नाही. चार दिवसांनी तेच गृहस्थ स्वतःच्या खोकल्यासाठी आले आणि जाता जाता म्हणाले, "ते मांजर मेलं हो. दोन दिवस कोनाड्यात दडून बसायचं, कुणी गेलं की अंगावर यायचं." माझ्या पायांखालची जमीन सरकली. दुपारच्या एस.टी.ने त्या मुलाला मी स्वतः जिल्ह्याच्या सिव्हिलला घेऊन गेलो. तेव्हा पोटात चौदा इंजेक्शने घ्यावी लागत. मुलगा रोज रडे, बाप रोज रजा काढी. पुढचे तीन महिने मी त्या घरावरून जाताना अंगणात तो खेळतो आहे ना, हे बघूनच पुढे जात असे. तो वाचला. आज त्याची स्वतःची दोन मुले माझ्याकडे येतात.

पोटातल्या चौदा इंजेक्शनांची ती जुनी लस आपल्या देशात २००४ च्या अखेरीस बंद झाली. तिच्या धास्तीने अजूनही काही जण चावा लपवून ठेवतात, म्हणून हे मुद्दाम सांगतो. आता लस दंडात देतात. स्नायूत दिली तर ०, ३, ७, १४ आणि २८ व्या दिवशी. सरकारी दवाखान्यांत त्वचेत देतात ती ०, ३, ७ आणि २८ व्या दिवशी. गरोदर बाईलाही ही लस देता येते, द्यावीच लागते. दात रुतला असेल किंवा ओरखड्यातून रक्त आले असेल तर लशीबरोबर जखमेत आणि जखमेभोवती रेबीजविरोधी सीरमही द्यावे लागते, कारण लशीची शक्ती तयार व्हायला काही दिवस जातात. आणि या सगळ्याच्या आधी, चावल्याबरोबर, जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने घड्याळ लावून पंधरा मिनिटे धुवावी. हळद, चुना, तिखट, चहापूड यांतले काही भरू नये. पट्टी घट्ट बांधू नये, टाके शक्यतो घालू नयेत.

त्या नातवाच्या अंगठ्यावरची चिंधी सोडली तेव्हा खाली दाताच्या दोन खुणा होत्या. हळद काढून जखम धुतली आणि चिठ्ठी देऊन त्याला ग्रामीण रुग्णालयात पाठवले. लस आणि सीरम त्याच दिवशी मिळाले. मावशींनी निघताना विचारले, "मग मांजर सोडू नदीपल्याड?" मी म्हटले, "मावशी, आता तर मुळीच नको. चावल्यापासून दहा दिवस त्याला कोंडून ठेवा, खायला-प्यायला द्या. हात लावू नका, लांबूनच बघा. खाणे सोडले, चाल बिघडली, आवाज बदलला किंवा मेले, तर तसेच मला कळवा. दहा दिवस ठणठणीत राहिले तर चावताना त्याच्या लाळेत रेबीज नव्हता असे समजायचे, आणि पुढच्या इंजेक्शनांचे काय करायचे ते तेव्हा ठरवू. सोडून आलात तर हे आपल्याला कुठून कळणार?"

गुरुवारी दुसरे इंजेक्शन झाले. मांजर न्हाणीघरात बंद आहे आणि मावशी स्वतः त्याला दाराखालून भाकरी-दूध सरकवतात, असे सुनेने फोनवर हसत सांगितले. दूध फार देऊ नका म्हटले; मोठ्या मांजराला ते आवडते, पण पुष्कळांना पचत नाही, आणि हगवण लागली तर उगाच आजाराची शंका यायची. दहावा दिवस येत्या मंगळवारी आहे.