वकट, लेंड, मूंड

भाताची कापणी आटोपली, खळ्यांवरची लगबग ओसरली, की बेटेगावच्या शिवारातील खाचरे मुलांना खेळायला मोकळी होतात. धसकटे पायांना टोचतात. पण तिकडे लक्ष कोण देतो! विटी कोलण्यासाठी जमिनीत लहानशी गल खणली जाते, विटी दूर जाऊन पडते आणि दांडूने अंतर मोजताना पुकारा होतो : "वकट, लेंड, मूंड, नाल!"

मराठीत एक, दोन, तीन, चार हे शब्द असताना हे पाहुणे आले कोठून? तेलुगूतील ओकटि, रेंडु, मूडु, नालुगु हे अंक त्यांच्याशेजारी ठेवून पाहावेत, म्हणजे नाते उघड होते. मराठी, कन्नड आणि तेलुगू मुलखांचा शेजार फार जुना. व्यापारी, यात्रेकरू, सैनिक यांची येजा सतत चाले. पुढे राज्ये लयास गेली, राजधान्या ओस पडल्या. पोरांच्या तोंडचे आकडे मात्र टिकले.

खेळही जुनेच. सतराव्या शतकात तुकोबांनी विटीदांडू, हुतूतू, फुगडी यांवर अभंग रचले. परमार्थ सांगण्यासाठी ज्या अर्थी त्यांनी हे खेळ निवडले, त्या अर्थी ते घरोघरी ठाऊक असलेच पाहिजेत. आपल्या बोलण्यातही खेळ किती मुरले आहेत! 'रडीचा डाव', 'खो घालणे', आट्यापाट्यांतले 'लोण पोचवणे' हे सारे क्रीडांगणावरूनच भाषेत आले. दुसऱ्याच्या कामात खो घालणारा गृहस्थ कधी खो-खो खेळलेला असतोच, असे मात्र नाही.

खो-खोला १९१४ साली पुण्याच्या डेक्कन जिमखान्याने नियम दिले. २०२५ साली त्याची पहिली विश्वचषक स्पर्धा दिल्लीस भरली. विटीदांडूच्या वाट्यास असे भाग्य आले नाही. त्याला हवे फक्त झाडाचे लाकूड आणि मोकळे रान. आणि नेमके तेच आता दुर्मिळ होत आहे. तारापूरची औद्योगिक वसाहत वाढली, १९६९ साली तेथे अणुवीज निर्माण होऊ लागली, बोईसरच्या परिसरात दूरदूरच्या प्रांतांतून कामगारांची बिऱ्हाडे आली. खाचरांच्या जागी चाळी उठल्या.

त्यांतल्या एखाद्या घरी तेलुगू बोलणारा मुलगा असेल. नवखा म्हणून तो बांधावरच उभा राहील. खेळाची रीत त्याला कळणार नाही, मराठीही उमगणार नाही. पण दांडू टेकवीत कोणी "मूंड" म्हणाले, की पुढचा आकडा तो सर्वांच्या आधी सांगेल.